कल्पित गावाचं विधिगीत कसं बांधावं

माझी भाची साताऱ्यात राहते आणि गेली चार वर्षं एक कादंबरी लिहिते आहे. त्यातला मुलूख तिनं स्वतः रचलेला. त्याचं नाव निथळ. निथळमध्ये जमिनीवर एकही नदी वाहत नाही. नदी आहे ती खडकाच्या पोटात, आणि वर्षातून एका रात्री ती गावच्या बारवेतून, म्हणजे पायऱ्यांच्या विहिरीतून, वर चढून येते. तिचं नाव कुणी घेत नाही, सगळे तिला ‘आतली’ म्हणतात.

गेल्या दिवाळीत ती मिरजेला आली तेव्हा म्हणाली, “मावशी, आतली वर येते त्या रात्री गाव काय गातं, ते मला बांधून दे. पण आरती नको, अभंगही नको. आपलं काही कानावर आलं तर वाचणारा निथळमधून उठेल आणि थेट आपल्या देवळात येऊन बसेल.”

मी मिरजेत गाणं शिकवते. वडील सतारमेकर गल्लीत तंबोरे करायचे, त्यामुळं दुधी भोपळ्याची आणि लाकडाची धूळ नाकात घेतच मोठी झाले. तरी हे काम मला सहज जमलं नाही, सहा महिने लागले. त्यात जे हाताला लागलं ते लिहून ठेवते आहे. कादंबरीसाठी, नाटकासाठी, मुलांच्या गोष्टीसाठी किंवा एखाद्या गेमसाठी कुणाला असं पवित्र गाणं बांधायचं असेल, तर त्याला यातून वाट दिसावी. स्वर-ताल जुजबी येत असले तरी पुरे.

आधी हात, मग गळा

बारा-तेरा वर्षांपूर्वी सांगलीत मुलांच्या एका नाटकासाठी मी देवळातलं गाणं बांधलं होतं. तेही जग कल्पित, डोंगरमाथ्यावरचं. मी हौसेनं त्रितालात बांधलं, मधे आलापाला जागा ठेवली, शेवटी तिहाई, म्हणजे एकच तुकडा तीनदा घेऊन तालाच्या पहिल्या मात्रेवर, समेवर, येणं. प्रयोगात दहा मुली निरांजनं घेऊन आल्या, देवापुढं पोचल्या, आणि गाणं अजून अंतऱ्यातच. त्या तशाच उभ्या राहिल्या. एकीची वात विझली, ती शेजारणीकडं बघायला लागली. तिहाई समेवर आली आणि सभागृहानं टाळ्या वाजवल्या. घरी येताना त्या टाळ्याच मला टोचत होत्या. काकड आरती संपल्यावर कुणी टाळ्या वाजवतं का? सगळे तीर्थासाठी हात पुढं करतात.

मी गाणं आधी केलं होतं आणि विधी त्यात बसवायला गेले होते. विधीचं गाणं हे कामाचं गाणं असतं. कुणाच्या तरी हातात काहीतरी असतं, ते कुठंतरी न्यायचं, ठेवायचं, ओतायचं, जाळायचं असतं, आणि ते नीट व्हावं म्हणून गळा साथ देतो.

जात्यावरची ओवी घ्या. खुंटा धरून एक फेर पुरा व्हायला लागतो तेवढीच तिची लय, आणि धान्याची मूठ घालायला हात सुटतो तिथं ओळही विसावते. मोटेवर बैल धावेवरून खाली ओढत जातात तेव्हाचा सूर वेगळा आणि मागं सरत येतात तेव्हाचा वेगळा. गोंधळात संबळाच्या ठेक्यावर एकेका ठाण्याच्या देवाचं नाव घेऊन त्याला बोलावतात. कुणी राहून गेलं तर ते चालत नाही, म्हणून गाणं किती लांबायचं हे देवांच्या संख्येवर, गोंधळ्याच्या मनावर नाही. आमच्या जिल्ह्यात आरेवाडीला बिरोबापुढं धनगरांचे ढोल वाजतात तेव्हाही तेच. पाय जमिनीवर पडतात, भंडारा उधळला जातो, आणि ढोल त्या पायांशी बोलत असतो.

मिरजेच्या मीरासाहेब दर्ग्यात किराणा घराण्याचे गायक अब्दुल करीम खाँसाहेब यांची कबर आहे. ते 1937 साली गेले. तिथं दर वर्षी गाणारे-वाजवणारे येतात आणि ‘हजेरी लावायला आलो’ म्हणतात. मोठमोठे कलाकारसुद्धा. माझ्या मते पवित्र गाण्याची सगळी गोम त्या एका शब्दात आहे. म्हणून कल्पित जगातला गाणारा हजर कुणापुढं होतो, हे ठरल्याशिवाय पेटीला हात लावू नका.

पहिले आठ दिवस मी भाचीला एकही सूर दिला नाही, नुसते प्रश्न विचारले. त्या रात्री बारवेत कोण उतरतं? हातात काय असतं? हात मोकळे कधी होतात? पाणी आलंच नाही तर काय? आणि सगळ्यात महत्त्वाचं, गाणं कशानं संपतं? तुम्हीही ही उत्तरं वहीत लिहून काढा. ‘गाणं पुरं झालं की संपतं’ असं उत्तर आलं तर विधी अजून झालेला नाही, फक्त देखावा झाला आहे.

शेवटच्या प्रश्नावर ती बराच वेळ गप्प बसली. मग म्हणाली, “किती फूट?”

बाहेरच्या माणसाला हे कळणार नाही. ती सांगलीत वाढली. ऑगस्ट 2019 च्या पुरात ती आणि तिची आई, म्हणजे माझी बहीण, माळ्यावर सामान चढवत होत्या आणि मी मिरजेहून दर तासाला फोन करून एकच विचारत होते: किती फूट? कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी 40 फुटांना इशारा, 45 ला धोका. सांगलीकराला हे आकडे पाढ्यासारखे पाठ असतात. त्या दिवसांत घाटाची पायरी न् पायरी आम्ही मोजली. कृष्णामाई म्हणून जिची ओटी भरायची तीच घरात शिरते, आणि पाणी ओसरल्यावर चिखल काढून झाला की आपण पुन्हा तिची ओटी भरायला जातो. निथळचं गाणं त्यातून निघालं. बारवेतली एकेक पायरी बुडेल तशी एकेक ओळ. ओळी किती, हे गावानं ठरवायचं नाही, पाण्यानं ठरवायचं.

तुमच्या जगात पाणी नसेल. जळत जाणारं काहीतरी असेल, उगवणारा तारा असेल, जनावरांचा कळप खिंडीतून पार होत असेल. गाण्याची दोरी मात्र माणसाच्या हातात ठेवू नका. जो पुजला जातो आहे त्याच्या हातात द्या.

जागा ऐकून या

कागदावरच्या बारवेचा आवाज कागदासारखाच येतो. म्हणून आम्ही दोघी साताऱ्याजवळच्या लिंब गावात बारा मोटांची विहीर बघायला गेलो. 1719 ते 1724 या काळात वीरूबाई भोसल्यांनी बांधलेली, अष्टकोनी, सुमारे 110 फूट खोल. मधे छोटा महाल आहे आणि वर मोटा चालायच्या त्या जागा. लोक फोटो काढतात आणि जातात. आम्ही सकाळी लवकर गेलो, कुणी नसताना, आणि पायऱ्या उतरून आत उभ्या राहिलो.

मी आधी टाळी वाजवली. मग एक साधा सा लावला. मग भाचीनं लिहून आणलेल्या ओळी म्हणून बघितल्या, आणि त्यातल्या निम्म्या तिथंच बाद झाल्या. दगडी गोलात ट, ठ, च, क अशी ठोकल्यासारखी अक्षरं जवळजवळ आली की एकमेकांवर आपटतात आणि शब्द फुटतो. लांब स्वर मात्र भिंतीला लागून फिरतो आणि तुमच्याच पाठीमागून तुमच्याकडं येतो. मी ‘ये’ म्हटलं, ‘घे’ म्हटलं, ‘हो’ म्हटलं. ‘घे’ सगळ्यात चांगला बसला. घ पोटातून निघतो, ए मोकळा सुटतो. एका अक्षराची आख्खी ओळ होऊ शकते, हे मला त्या विहिरीत कळलं.

हिशेबही सोपा आहे. आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो. पाणी तुमच्यापासून 17 मीटर खाली असेल तर जाऊन-येऊन 34 मीटर, म्हणजे सेकंदाचा दहावा भाग. पाणी चढत आलं की हे अंतर कमी होतं, घुमारा आखडतो, आवाज कानाशी येतो. निथळकरांना अंधारात पाणी दिसत नाही. त्यांच्याच ‘घे’च्या घुमाऱ्यावरून त्यांना कळतं आतली किती वर आली ते. भाचीनं हे ऐकलं आणि तिथंच पायरीवर बसून लिहायला लागली.

तुमचा विधी गुहेत असेल तर गुहेत जा, माळावर असेल तर वाऱ्याच्या माळावर जा. काहीच जवळ नसलं तर जिन्याखाली, मोकळ्या टाकीत, रिकाम्या वर्गात म्हणून बघा. मोबाइलवर ध्वनिमुद्रण करून घरी ऐका. कुठली अक्षरं मेली आणि कुठली जगली, त्याची यादी करा आणि शब्द त्या यादीतून निवडा.

शब्द आणि मोजणी

माझा पहिला खर्डा असा सुरू होत होता:

अंधाराच्या लेकी, दगडाच्या कुशी,
निजलीस कशी, वर्षभर.

मला फार आवडला होता. भाचीनं वाचला आणि म्हणाली, “मावशी, टाळ ऐकू येतात.” बरोबर होतं तिचं. मोजून बघा: सहा, सहा, सहा, चार अक्षरं, दुसऱ्या-तिसऱ्या चरणाचं यमक. हा आपला मोठा अभंग. मी काही ठरवून केलं नव्हतं, मराठी बाईच्या जिभेवर तो साचा आधीच बसलेला असतो. आठ आठ अक्षरांचा लहान अभंग, साडेतीन चरणांची ओवी, हेही तसेच. कल्पित जगासाठी लिहिताना लिहून झाल्यावर अक्षरं मोजायचीच. ओळखीचा साचा निघाला तर शब्द कितीही नवे असले तरी उपयोग नाही, कानाला घराचाच वास येतो.

मग नवी मोजणी कुठून आणायची? हातातून. निथळमध्ये लोक पायऱ्यांवर दोन्ही बाजूंनी रांगेत उभे असतात आणि भरलेली घागर खालून वर हातोहात जाते. आम्ही ते घरी करून बघितलं. क्लासच्या मुली जिन्यात उभ्या केल्या, खाली पाण्यानं भरलेली कळशी दिली. उचलायला एक दम, पुढचीकडं वळायला त्याहून किंचित मोठा दम, आणि मग तिच्या हातात द्यायचा क्षण. तो क्षण ठरावीक नसतो, समोरचीनं नीट धरलं की मगच सुटतं. त्यावरून चार, पाच आणि एक अशी अक्षरं आली:

ही पायरी, खणणाऱ्याची, घे.
हा कासरा, ओढणाऱ्याचा, घे.
ही घागर, भरणारीची, घे.
ही तहान, मरणाऱ्याची, घे.

पहिली नऊ अक्षरं लयीत, दहावं लयीबाहेर. ‘घे’ला मात्रा नाही. पाणी त्या पायरीला शिवेपर्यंत तो धरायचा. दम संपला तर शेजारच्यानं उचलायचा, पण तुटू द्यायचा नाही.

यमक मुद्दाम जुळवलेलं नाही. शेवटी तोच शब्द येतो, तेवढा पुरतो. विशेषणंही घालू नका. ‘पवित्र’, ‘दिव्य’, ‘मंगल’ असे शब्द माझ्या पहिल्या खर्ड्यात सात वेळा होते, सगळे काढले. ज्याला रोज पाणी शेंदायचं असतं तो कासऱ्याला कासराच म्हणतो, आणि त्यातच त्याची भक्ती असते.

सूर

इथं मी सगळ्यात जास्त दिवस घालवले आणि सगळ्यात जास्त वाटा चुकले.

नवं जग म्हणून मी नवी स्वरावली शोधत बसले. आठवडाभर पेटीवर बोटं फिरवून सा, कोमल रे, शुद्ध मध्यम, पंचम, कोमल नी अशी पाच सुरांची जुळणी बसवली. गंभीर, खोल, थोडी विरक्त. फार आनंद झाला. दुसऱ्या दिवशी क्लासमध्ये गुणगुणत होते तर तिसऱ्या वर्षाची एक मुलगी म्हणाली, “ताई, बैरागी घेणार आज?” खरंच की, तो उघडउघड बैरागी राग होता. बारा सुरांत हजारो माणसं पिढ्यान्‌पिढ्या फिरून गेली आहेत, तिथं न तुडवलेली जागा सापडणं कठीण, आणि सापडली तरी ती बहुधा गाता येत नाही म्हणूनच मोकळी राहिलेली असते.

तेव्हा सूर नवे शोधू नका, सुरांवरचा नियम नवा शोधा. कुठला सूर कधी चालतो, कुणी लावायचा, कशाच्या आधी लावायचा नाही. आपल्याकडं रागांना वेळ असते, भैरव सकाळचा, यमन संध्याकाळचा. निथळमध्ये सुरालाच वेळ आहे: पंचम वर्षभर कुणी लावत नाही. तो आतलीचा सूर. मुलं खेळतानासुद्धा त्याला चुकवून गातात. बारवेत उतरल्यावर सुरुवातीच्या ओळी चारच सुरांत फिरतात, सा, कोमल रे, मध्यम आणि मंद्रातला, म्हणजे खालच्या सप्तकातला, कोमल नी. आपल्या जात्यावरच्या ओव्याही तीन-चार सुरांच्या घरात राहतात, तेवढ्यात पुष्कळ होतं. पाणी पहिल्या पायरीला शिवलं की ‘घे’ मध्यमावरून पंचमावर चढतो.

पहिली ओळ अशी आहे. रे आणि नी दोन्ही कोमल, नी मंद्र सप्तकातला:

ही (सा) पा (सा) य (रे) री (सा), ख (नी) ण (सा) णा (रे) ऱ्या (म) ची (रे), घे (सा)

पाणी आल्यावर पहिली नऊ अक्षरं तशीच, फक्त ‘घे’ आधी मध्यमाला टेकतो आणि तिथून पंचमावर जाऊन राहतो. बैरागी माझ्याकडं शेवटी परत आला तो असा, पाचवा सूर नदीच्या हातून घेऊन. त्याला घालवून द्यायची गरजच नव्हती.

सरावासाठी दोन तंबोरे घ्या. एक मध्यमात लावलेला, म सा सा सा. दुसरा पंचमात, प सा सा सा. मोबाइलवरचा तंबोरा असला तरी चालेल. दुसरा तंबोरा लावून झाकून ठेवायचा, पाणी आलं की त्याच्यावरचं कापड काढायचं आणि पहिला थांबवायचा. मी वडिलांनी केलेली जोडी काढली होती. तारेखाली घोडीवर जो दोरा सरकवतात त्याला जीव म्हणतात. वडील तो नखानं केसभर पुढं-मागं करत राहायचे, तार बोलायला लागेपर्यंत. आख्खी दुपार जायची. मी पंचमाच्या तारेचा जीव लावायला एक संध्याकाळ घेतली. त्या कापडाखालून जो सूर निघायचा होता तो घुसमटलेला निघून चालणार नव्हतं. क्लासच्या मुलींनी पंधरा मिनिटं चार सुरांत काढली, मग मी खूण केली, कापड निघालं आणि पंचम सुटला. एकीच्या डोळ्यांतून पाणी आलं. गाण्यात पंचम काही विशेष नव्हता, तो इतका वेळ नव्हता हे विशेष होतं.

वाद्यं

निथळमध्ये झाडं विरळ, म्हणून लाकूड नाही, तंबोरे नाहीत. माती आहे. तुमच्या जगात जे पिकतं, मरतं, भाजलं जातं त्यातूनच वाद्य निघू द्या. मिरजेचे तंबोरे मिरजेत होतात, पण भोपळे येतात पंढरपूर-मंगळवेढ्याच्या बाजूनं. ते भोपळे तिकडं पिकले नसते तर आमची गल्लीच नसती.

भाचीनं प्रत्येक पायरीवर एकेक मातीची घागर ठेवली होती. पाण्याआधी खडकातल्या फटींतून हवा लोटून येते, घागरींच्या तोंडावरून जाते आणि त्या घुमायला लागतात. फार सुंदर कल्पना. फक्त तिनं लिहिलं होतं, ‘पाणी भरेल तशा घागरी खर्जात गेल्या.’ मी तिला नळावर नेलं. सकाळी पाणी सुटलं होतं, कळशी खाली लावली आणि म्हटलं, डोळे मिटून ऐक. कळशी भरत जाते तसा आवाज चढत जातो, आपण आवाजावरूनच नळ बंद करतो. आत हवेला जागा कमी उरते म्हणून सूर वर जातो. फुंकलेल्या घागरीचंही तसंच. खाली जातो तो जलतरंगात, तिथं काडी पेल्याच्या काठावर पडते, पेला स्वतः थरथरतो आणि पाण्यानं जड होतो म्हणून सूर उतरतो. फुंकता की ठोकता, यावर सगळं उलटतं. कल्पित जगात देव कसलेही असू द्या, माती आणि हवा मात्र खऱ्यासारख्या वागल्या पाहिजेत, नाहीतर वाचणाऱ्याचा देवावरचाही विश्वास उडतो.

ही चूक सुधारली आणि तिला एक प्रसंग फुकट मिळाला. पायरी बुडताना घागरीचा सूर सा सोडून चढायला लागतो, पंचमाजवळ आला की गाणारे त्याला पकडतात, आणि मग घागर बुडबुडून गप्प होते. ‘घे’ म्हणजे नेमकं काय घेतलं, ते सगळ्यांना ऐकू येतं.

मान कुणाचा

आपल्याकडं कुठल्याही जत्रेत विचारा, पालखीला पहिला खांदा कुणाचा, काठी कुणी धरायची, हे घराण्यांनी ठरलेलं असतं आणि त्यावरून भांडणंही होतात. निथळमध्ये पहिली ओळ उचलते ती पायरीवाली, गावातली सगळ्यात म्हातारी बाई. ती सगळ्यात खालच्या कोरड्या पायरीवर उभी असते आणि पाणी येईल तशी पाण्याकडं तोंड ठेवून, उलट्या पावली एकेक पायरी वर चढते. पाण्याकडं पाठ करायची नाही, हा तिचा मान आणि हीच तिची धास्ती. भाचीच्या कादंबरीत ती पडते, आणि पुढची ओळ उचलायचा मान कुणाचा यावर आख्खं प्रकरण उभं आहे. गाणाऱ्यांचे मान लिहून ठेवलेत तर गोष्ट तुमच्याकडं आपणहून येते.

याच्याशीच जोडून एक मनापासून सांगायचं आहे. गोंधळ, जागरण, धनगरी ओवी यांच्या चाली उचलून त्यात आपले शब्द घालू नका. त्या कुणाच्या तरी नेमाच्या आहेत, घरात लग्न झालं की त्यांना बोलावणं जातं. त्यांच्याकडून शिकायचं ते त्यांची बांधणी, गाणं कामाला कसं जुंपलेलं असतं ते. चाल आपली आपण करावी.

गाण्याला म्हातारं करा

बांधून झालं की गाणं कोरं करकरीत असतं, आणि पवित्र गाणं कोरं असूच शकत नाही. शेकडो तोंडांतून जाऊन त्याच्या कडा झिजलेल्या असतात. आमच्याकडं हादग्याच्या गाण्यांत असे कितीतरी शब्द आहेत ज्यांचा अर्थ आजीलाही सांगता यायचा नाही, पण ते गाळून कुणी फेर धरत नाही.

झीज मुद्दाम लिहायला गेलात तर खोटी दिसते, ती होऊ द्यावी लागते. मी चार ओळी क्लासमधल्या एकाच मुलीला तोंडी शिकवल्या, लिहून दिल्या नाहीत. तिनं दुसरीला शिकवायच्या, दुसरीनं तिसरीला. तीन आठवड्यांनी सातव्या मुलीकडून ऐकल्या. ‘ओढणाऱ्याचा’चं ‘वढणाऱ्याचा’ झालं होतं, आपल्या बोलीप्रमाणं, आणि ते जिभेला जास्त सोपं होतं. ‘खणणाऱ्याची’मधला एक ण गळून ‘खणाऱ्याची’ झालं होतं, म्हणून पाचव्या अक्षराच्या जागी ‘ची’ लांबली होती. दोन्ही ठेवले. भाचीनं त्यावर लिहिलं की खालच्या आळीचे लोक ‘वढणाऱ्याचा’ म्हणतात आणि वरच्या आळीचे त्याला अशुद्ध मानतात.

आणखी एक गोष्ट घाला, बाहेरून आलेली. वाईजवळ मेणवलीला कृष्णेच्या घाटावर, नाना फडणवीसांच्या वाड्यामागं, देवळाशी एक भली मोठी घंटा टांगलेली आहे. ती मुळात वसईची, पोर्तुगिजांच्या चर्चमधली. मराठ्यांनी 1739 मध्ये वसई जिंकली त्यानंतर इकडं आलेली. तिच्यावर बाळ घेतलेल्या मेरीची आकृती आहे. महादेवाच्या देवळात ती वाजते आणि कुणाला परकी वाटत नाही. निथळच्या गाण्यातही एक ओळ अशी आहे जिचा अर्थ कुणालाच लागत नाही. खूप पूर्वी डोंगरापलीकडून तहानेनं आलेल्या लोकांची ती ओळ, त्यांची भाषा आता कुणी बोलत नाही. ती कुठल्याही पायरीची नाही. विसाव्या पायरीनंतर ती एकदा म्हणतात. तिचे शब्द मी लिहिणार नाही, कादंबरीत येतील, पण बांधताना मी एवढंच पाहिलं की तिच्यात ‘घे’ नाही आणि ती मोजणीत बसत नाही. पाय अडखळावा तशी ती कानाला अडखळते.

शेवट

पाणी आलंच नाही तर पहिलीच ओळ उजाडेपर्यंत म्हणतात, ‘घे’ सा वर ठेवून. पंचम लागत नाही आणि वर्षभर गावात लग्नं होत नाहीत.

पाणी आलं आणि मधल्या एखाद्या पायरीवर थांबलं, तर ती ओळ तिथंच सोडायची, पुरी करायची नाही. वरच्या पायऱ्यांची नावं घ्यायची नाहीत, त्या आतलीनं मागितलेल्या नाहीत. पाणी थांबलं की फटींतून येणारी हवाही थांबते, आणि वर कोरड्या राहिलेल्या घागरींची घुमघुम एकेक करून विरत जाते. म्हणून तालमीत शेवटी तंबोरा हातानं दाबून थांबवू नका. छेडणं सोडा आणि तार आपणहून गप्प होऊ द्या. तोवर कुणी पायरी सोडायची नाही.